मरायचं काम

लिहायला बसलोय खरा, पण आधी माफी मागतो. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला, तीही इंजिनिअरिंगची. सिनेमातलं मला काही कळत नाही. एका नटाबद्दल मी लिहावं हा आगाऊपणाच. पण मराठीत त्यांना ओळखणारं दुसरं कोणी नसणार.

कॅनडात शिकत असताना, मिसिसागात विमानतळाजवळच्या एका वेअरहाउसमध्ये आम्ही शनिवार-रविवार पेट्या रचायचो. तुम्ही तिथे असतात तर तुमचीही त्यांच्याशी ओळख अशीच झाली असती. साठीचा, रुंद खांद्यांचा माणूस चालता चालता थबकतो, स्वतःच्या छातीकडे नवलाने बघतो आणि रिकाम्या खोक्यांवर धाडकन कोसळतो. मी धावलो. त्यांनी एक डोळा उघडला.

"मी हात पसरले का?"

"नाही, सर."

"बरोबर. गोळी लागलेला माणूस हात पसरत नाही. त्याला आधी आश्चर्य वाटतं."

रशियाला लागून असलेल्या जॉर्जियात, त्यांच्या मायदेशी, ते सिनेमात होते. हिरो कधीच झाले नाहीत. तलवारीने, सुरीने, गोळीने, एकदा घोड्याखाली, असे एकोणीस वेळा मेले. "हिरोला वाक्यं पाठ करावी लागतात. मला फक्त मरायचं काम," असं म्हणून ते गडगडाटी हसायचे.

एका हिवाळी सकाळी, कामावरून काढलेला एक जण परत आला. चुगली मीच केली असं त्याच्या डोक्यात बसलं होतं. खोकी कापायची सुरी काढून त्याने मला रॅकवर दाबलं. पातं गालात रुतलं. माझं इंग्रजी आटलं. आमच्या नांदेडला रिक्षावाल्यापासून हवालदारापर्यंत सगळे मामा. तेच तोंडातून निघालं, "मामा! मामा!"

ते दोन रांगा पलीकडून आले. पातं त्यांनी नुसत्या हाताने धरलं आणि दुसऱ्या हाताने त्याचं डोकं लोखंडी खांबावर आपटलं. मग पुन्हा. त्याचे दात फरशीवर पडले. तिसऱ्यांदा मीच त्यांना मागे ओढलं. त्यांचा तळवा हाडापर्यंत फाटला होता. रक्ताकडे बघून म्हणाले, "काळपट आहे. कॅमेऱ्यात चाललं नसतं."

मी हसलो. ते हसले नाहीत.

"तू मला काय हाक मारलीस?"

"मामा. म्हणजे आईचा भाऊ."

"आमच्याकडे मामा म्हणजे बाप."

मग टाक्यांची वाट बघत, हॉस्पिटलच्या बाकावर, त्यांनी सांगितलं. त्यांच्या देशातल्या आधीच्या युद्धात बंदूकवाल्यांनी बस अडवली, माणसं खाली उतरवून गोळ्या झाडल्या. हे गोळी न लागताच कोसळले. त्यांचा बारा वर्षांचा मुलगा "मामा, मामा" म्हणत त्यांना हलवत होता. बंदुकीच्या दस्त्याने त्या पोराचा गुडघा फोडला गेला. हे डोळे मिटून पडून राहिले.

"माझं सगळ्यात चांगलं काम ते," ते म्हणाले. "दोघंही वाचलो. तेव्हापासून तो मला नावाने हाक मारतो."

पुढे मी त्यांना मामाच म्हणत राहिलो. दर वेळी ते दचकून वळायचे. तशी हाक मारू नको का, असं विचारलं तर म्हणाले, "का नको? मार की."

दोन हजार आठच्या ऑगस्टमध्ये तिकडे पुन्हा रणगाडे आले. मुलगा रणगाड्यांच्या वाटेवरच्याच गावात राहत होता. मामांनी तिकीट काढलं.

"मामा, या वयात तिथे जाऊन काय करणार?"

"हाक मारली तर जवळ असावं माणसाने."

ऑक्टोबरात, थँक्सगिव्हिंगच्या सुट्टीआधीच्या शुक्रवारी दुपारी, कॉलेजच्या बसमध्ये, फोन वाजला. त्यांचा मुलगा होता. माझा नंबर त्याला त्यांच्या पासपोर्टात सापडला होता. तुटक्या इंग्रजीत, मामांचं नाव घेऊन, ते गोळ्या लागून गेल्याचं त्याने सांगितलं. गावात शिरलेल्यांनी सगळ्यांना रस्त्यावर आडवं पडायला लावलं होतं. याचा गुडघा वाकेना. बंदूकवाल्यांना वाटलं, हा मुद्दाम ऐकत नाही. एकाने बंदूक रोखली.



"सगळे आडवे पडले होते," तो म्हणाला. "मामा उठले. माझ्यापुढे येऊन उभे राहिले, हात पसरून."