बोटभर सैल

"मुलगी माझी, आणि निरोप तुझ्या फोनवर?"

"मग काय करील बिचारी? दादा, तुझ्या डबड्यातलं ते ॲप कधीच म्हातारं झालं. तिचं तुला पोचत नाही, तुझं इथून हलत नाही."

थोरल्या शिंप्यानं आपला फोन मशिनीवर उपडा ठेवला. दोघा भावांचं एकच दुकान. दोन मशिनी, मधे कापायचं टेबल. थोरल्याच्या फोनची बॅटरी फुगून पाठ उचलली होती, ती त्यानं घागऱ्याच्या इलॅस्टिकनं आवळून बांधलेली. नवं ॲप घ्यावं तर फोनमध्ये जागा नाही. जागा करावी तर मुलीचे जुने निरोप पुसायचे. 'बाबा, जेवलात का' असले. तिथं हात धजत नव्हता.

इकडे धाकट्याचा फोन सारखा टुणटुणायचा. नातीचा पहिला दात, नातीचं रांगणं, सगळं आधी काकाला. आजोबानं भावाच्या खांद्यावरून मान लांब करायची!

आज तर कहर झाला. नातीच्या फ्रॉकची मापंच काकाकडे आली.

"पहिला फ्रॉक, आणि शिवणार तू?"

"ज्याच्याकडे मापं, त्याची कात्री," म्हणत धाकट्यानं खडू उचलला.

थोरल्यानं तिरक्या नजरेनं मापं वाचली. छाती एकोणीस. त्या चिमणीची? मग उमगलं. आपली पोरगी फितीखाली बोट घालून माप घेते, सैलपणा मापातच धरते. थोरल्यानंच शिकवलेलं, याच टेबलापाशी. धाकटा मात्र सैलपणा कापताना वेगळा सोडतो. म्हणजे दुप्पट. फ्रॉक कसला, पोतं होणार!

होऊ दे. कळू दे काकाचं कसब. थोरल्याला आतून गुदगुल्या झाल्या. धाकट्यानं रेघा मारल्या, कात्रीचा जबडा कापडाला लागला, आणि थोरल्याच्या तोंडून निघून गेलंच.

"थांब, मुडद्या! बोटभर सैल मापातच आहे."

"तुला काय ठाऊक?"

"पोरगी कुणाची?"

धाकट्यानं रेघांकडे पाहिलं, मग भावाकडे. कात्री टेबलावरून सरकवली. "घे बाबा, तूच काप. तसं कळवतो तिला."

"तू कशाला? मीच कळवीन."

"कशावरून? त्या डबड्यावरून?"

थोरल्यानं इलॅस्टिककडे पाहिलं. मग खालच्या आवाजात म्हणाला, "बरं, कळव. पण शिवण माझी. तू फार तर बटणं लाव."

"उपकार झाले, दादा."

फ्रॉकचं कापड त्यानं घडी करून आपल्याच मांडीखाली दाबलं, भावाच्या हाती लागायला नको म्हणून. दारात गिऱ्हाईक पँटसाठी ताटकळत होतं. थोरल्यानं आधी पँट पुढे ओढली, सुईत दोरा ओवला आणि मशीन धडधडू लागली.