बाबांचं पंचांग, माझ्या नावावर

माझे बाबा चाकणच्या एका कंपनीत प्रेस मशीनवर होते. शिफ्ट दर आठवड्याला बदलायची आणि सुट्टी गुरुवारी. आम्ही कासारवाडीत दोन खोल्यांत राहायचो. भिंतीवरच्या कॅलेंडरशी आमच्या घराचा मेळ कधी बसलाच नाही. मी दुसरीत असताना बाबांनी माझ्यासाठी वेगळं पंचांग काढलं.

त्यात एक लांब गोष्ट म्हणजे एक महिना. रोज थोडी थोडी सांगायची, संपली की महिना संपला. मिठाच्या विहिरीचा महिना तेवीस दिवसांचा झाला. सुताराच्या सुनेचा चाळीसच्या पुढे गेला, कारण ती सून नदी ओलांडायलाच तयार होईना. पहिली शिफ्ट असली की संध्याकाळी, दुसरी असली की सकाळी माझी वेणी घालता घालता बाबा सांगायचे. सांगून झालं की दाराच्या आतल्या बाजूला खडूने तारीख घालायचे : विहिरीचा नववा. वर्षाच्या शेवटच्या दिवशी सगळ्या गोष्टींतली माणसं एका बाजारात भेटायची आणि भावावरून भांडायची. त्या दिवशी आई शिरा करायची.

नियम एकच होता. ज्या दिवशी गोष्ट झाली नाही, तो दिवस उगवलाच नाही असं धरायचं. ओव्हरटाइमचे, तापाचे, आईबाबांच्या अबोल्याचे दिवस असेच गळून जायचे.

मी पाचवीत होते तेव्हा मशीनमध्ये बाबांच्या उजव्या हाताची दोन बोटं गेली. अकरा दिवस ते दवाखान्यात होते. घरी आले, कॉटवर टेकले, चहासुद्धा घेतला नव्हता, आणि मला म्हणाले, "काल कुठपर्यंत आलतो गं माय?"

मी म्हटलं, "शेळ्या डोंगरावर चढल्या."

त्यांनी पुढची गोष्ट सांगितली आणि डाव्या हाताने दारावर वाकडंतिकडं लिहिलं : शेळ्यांचा सहावा. त्या अकरा दिवसांचा विषय आमच्या घरात पुन्हा निघाला नाही.

आठवीत गेल्यावर मीच एकदा म्हटलं, "बाबा, आता पुरे, अभ्यास असतो." ते "बरं" म्हणाले. पुढच्या दिवाळीत दाराला रंग दिला.

शिकले, हिंजवडीत नोकरी लागली, मारुंजीत मैत्रिणींबरोबर भाड्याने फ्लॅट घेतला. बाबा काय करतात असं कुणी विचारलं की मी सांगायचे, "इंजिनिअरिंग कंपनीत आहेत." खोटं नव्हतं, पण ऐकणाऱ्याला बाबा खुर्चीत बसलेले दिसावेत अशा बेताने मी ते म्हणायचे.

दोन वर्षांपूर्वी आमच्या टीमला लहान मुलांसाठी ॲप करायचं होतं. मीटिंगमध्ये कुणालाच काही सुचत नव्हतं. मी ते पंचांग सांगितलं. साहेब खुर्चीत पुढे सरकून बसले. "हे कुठून आलं?"

"लहानपणी मीच असं खेळायचे," मी म्हणाले.

खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. पण मग पुढचा प्रश्न आला असता, बाबा लेखक आहेत का, शिक्षक आहेत का. तो मला नको होता.

ॲप चाललं. वर्षाच्या शेवटी कंपनीत घरच्यांना बोलावलं होतं. मला स्टेजवर बोलायचं होतं. बाबा येणार नाहीत असं मी धरून चालले होते, पण ते इस्त्रीचा शर्ट घालून आईबरोबर आले आणि तिसऱ्या रांगेत बसले. माझं भाषण पाठ होतं. ते बदलायचं मला सुचलं नाही, की धीर झाला नाही, अजून ठरवता येत नाही. मी विहिरीची गोष्ट सांगितली, बाजार सांगितला, आणि प्रत्येक वाक्यात "मी" म्हणत गेले. आई माझ्याकडे बघत होती. बाबा खाली बघत होते.

जेवताना साहेब त्यांच्यापाशी आले. "काका, ही लहानपणापासून अशीच का?"

बाबांनी उजवा हात खिशात घातला. "व्हय. लहानपणापासनं डोकं चालतंय हिचं. मला कुठं येळ होता साहेब, शिफ्टमधी."

मी ताट धरून शेजारीच उभी होते. माझं खोटं त्यांनी माझ्यासाठी पुरं केलं होतं. परतताना रिक्षात ते एवढंच म्हणाले, "पनीर चांगलं होतं."

पुढे चार महिने मी गप्प राहिले. मग एक दिवस साहेबांच्या केबिनमध्ये जाऊन सगळं सांगितलं. वाटलं होतं, निदान रागावतील. ते म्हणाले, "अरे वा, छान आहे हे. ॲपच्या माहितीत बाबांचं नाव टाकू." दुसऱ्या दिवशी नाव आलं. इतकं सोपं होतं ते.

रविवारी मी घरी जाऊन बाबांना फोनवर नाव दाखवलं आणि म्हटलं, "मी चुकले." त्यांनी चष्मा लावून ते वाचलं, मग फोन हातात ठेवूनच स्क्रीनवर बोट फिरवत राहिले.

"हे लाल लाल काय?"

"ज्या दिवशी मुलानं गोष्ट ऐकली नाही, तो दिवस लाल होतो. नाहीतर मुलं रोज येत नाहीत, बाबा."

"नावाचं जाऊ दे," ते म्हणाले. "पण एखादं पोर आजारी असंल, तर त्येला कशाला दाखवायचं त्ये?"

ती लाल खूण माझीच सूचना होती, हे मी त्यांना तेव्हा सांगितलं नाही. आजवर सांगितलेलं नाही. खूण काढून टाकावी म्हणून मी कंपनीत दोनदा मेल केला. नाही म्हणाले, आणि त्यांच्या जागी मीही नाहीच म्हटलं असतं.

आता बाबा निवृत्त आहेत. शेजारच्या दोन मुली दुपारी त्यांच्याकडे येतात. जिना चढताना मला बाबांचा आवाज ऐकू येतो, कुठलीशी नवीनच गोष्ट असते, त्यात एक आंधळा गवंडी आहे. मी दारात दिसले की ते थांबतात आणि चहा घेणार का म्हणून विचारतात. म्हणून हल्ली मी चपला हातात घेऊन खालच्या पायरीवर थांबते आणि त्या दिवसाचा भाग संपला की मगच वर जाते.