भाऊजींचे दोन विक्रम

आमचे भाऊजी बँकेत मॅनेजर आहेत, नदीकाठी संकठा घाटापाशी त्यांचं स्वतःचं घर आहे, माझ्या ताईसारखी बायको आहे. पण आयुष्याचं सार्थक कशात झालं विचाराल, तर ते आमच्या कॉलेजच्या बास्केटबॉल कोर्टावरचा पत्र्याचा फळा दाखवतील. पुरुष संघाच्या वैयक्तिक विक्रमांत त्यांचं नाव दोनदा रंगवलंय: एका सामन्यात सर्वाधिक गुण आणि एका सामन्यात सर्वाधिक असिस्ट.

गुणांचं खरं आहे. हातात आलेला चेंडू दुसऱ्या कुणाकडे जाऊ शकतो, हे भाऊजींना कुणी सांगितलंच नव्हतं. असिस्ट म्हणजे आपल्या पासवर दुसऱ्यानं बास्केट करणं. तो विक्रम झाला, कारण स्कोअरच्या टेबलावर त्यांचा चुलतभाऊ बसला होता. मी त्याच संघात होतो. अख्खा सामना सूर्याला अर्घ्य देणाऱ्यासारखा हात वर करून उभा होतो. पास? राम राम!

यंदाच्या हिवाळ्यात कॉलेजच्या संघातला एक खेळाडू असा काही फॉर्मात आला, की भाऊजींची झोप उडाली. सामन्याच्या सकाळी मला घेऊन ते संकठा देवीला गेले. तिथेही बँकेसारखाच व्यवहार.

"आई, आजच्या सामन्यात माझा गुणांचा विक्रम शाबूत राहू दे. पुरणाचा नैवेद्य घेऊन शिंदे घाटापासून अनवाणी येईन."

शिंदे घाट शेजारचाच. नवसातही काटकसर!

"असिस्टचंही सांगून ठेवा," मी म्हटलं.

"त्याला कोण हात लावतोय?"

सामना सुरू झाला आणि तो पोरगा दणादण बास्केट करू लागला. भाऊजी खुर्चीतून उठून थेट रेषेपाशी गेले. "पास दे, बेटा, पास! टीम गेम है!"

माझ्या कानांवर माझा विश्वास बसेना. मागून कुणीतरी ओरडलं, "का गुरु, आपने कब दिया था पास?" पण कोच एके काळी भाऊजींचा ज्युनियर. तो म्हणाला, "बड़े कह रहे हैं, पास कर." पोरगा आज्ञाधारक. पास देत सुटला, बाकीचे बास्केट करत सुटले. भाऊजी टाळ्या पिटत होते. "शाब्बास! और!"

शेवटी माइकवरून घोषणा झाली. गुणांचा विक्रम कायम. असिस्टचा मोडला.

भाऊजींची टाळी हवेतच राहिली. "टेबलावर कोण बसलंय? मोजण्यात घोळ आहे!"

"घोळ कसा असेल, भाऊजी? आज चुलतभाऊ कुठे आहे?"

घरी येऊन त्यांनी नवस रद्द झाल्याचं जाहीर केलं. ताईनं शांतपणे हरभऱ्याची डाळ भिजत घातली. "गुण राहिले ना? मग देवीनं शब्द पाळला. आता तुम्ही पाळा."

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, भाऊजी शिंदे घाटावरून अनवाणी निघाले. दोन्ही हातांत पुरणपोळ्यांचं ताट, आणि चेहरा असा, की समोरून येणारे अदबीनं बाजूला होत होते. कुणी गेलं असावं, असा लोकांचा समज. पायऱ्यांवर ताट डुगडुगायला लागलं. मी पुढे होऊन हात पसरले.

"इकडे द्या, भाऊजी, मी धरतो."

नाही दिलं.