उत्तममामांची राहिलेली भैरवी

मामा भैरवी न म्हणताच गेले.

आज वर्ष झालं. अजून चिडते मी त्यांच्यावर.

उत्तममामा म्हणजे माझ्या आईचे थोरले भाऊ आणि माझे गुरू. वारंगा फाट्यावर टायरच्या दुकानावरच्या खोलीत रियाज करायचे. कॅमेऱ्यासाठी बसवलेल्या संगीत नाटकांत गायले, डॉक्युमेंटऱ्यांत गायले. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी त्यांना मोबाईलवरच पाहिलंय.

मागे तंबोरा धरलेली, फ्रेममध्ये अर्धीच आलेली बाई म्हणजे मी.

पहिल्या नाटकाच्या शूटिंगला त्यांना सांगितलं, गाणं आधी रेकॉर्ड करू, मग नुसते ओठ हलवा.

"रवंथ करायला मी काय म्हैस हाय का?"

झालं. प्रत्येक पद कॅमेऱ्यासमोर खरंखुरं गायले. लोकांना तेच आवडलं.

पण खरा हट्ट भैरवीचा.

मैफल भैरवीनं संपते. त्यानंतर कोणी गात नाही. एका डॉक्युमेंटरीच्या वेळी नरसीला नदीकाठी ऊन छान पडलंय म्हणून दिग्दर्शकानं सकाळी आल्या आल्या भैरवीच मागितली. मामा गायले. मस्त गायले. मग तंबोरा गवसणीत घालायला लावला आणि जीपमध्ये जाऊन बसले.

"मामा, बाकीचे राग राहिलेत अजून."

"भैरवी झाली. आता उद्या."

अख्खं युनिट दिवसभर भजी खात बसलं. तेव्हापासून भैरवीचं शूट सगळ्यात शेवटी, हे ठरूनच गेलं.

शेवटच्या फिल्मला तेवढी भैरवीच राहिली, आणि मामा दवाखान्यात. तोच दिग्दर्शक कॅमेरा घेऊन खाटेपाशी आला. रडवेला झाला होता बिचारा.

मीही म्हटलं, "दोन ओळी म्हणा ना मामा. काहून हट्ट करून राहिले तुमी?"

"माही मैफल संपली का? न्हाई ना? मग?"

थोड्या वेळानं माझा हात धरला.

"मला न्हाईच जमलं तर तू म्हण. पण नुसती भैरवी म्हणायची न्हाई. आधी पुरी मैफल गा."

दोन दिवसांनी गेले.

वर्षभर फिल्म अडकून पडलीये. माझ्यामुळे. मी भैरवी म्हटली की मामा खरंच संपले, असं वाटायचं. अजूनही वाटतं. पण त्यांनी शिकवलेलं गळ्यात कोंडून ठेवलं, तर त्यांनाच आवडायचं नाही.

परवा दिग्दर्शकाला फोन केला. "या कॅमेरा घेऊन. पण पूर्ण मैफल ऐकावी लागेल."

आज मामांच्या रियाजाच्या त्याच खोलीत बसतेय. खालच्या टायरच्या दुकानाचे अन्वरभाई म्हणाले, "ताई, कॉम्प्रेसर बंद ठेवतो, तुमाला तकलीफ नको."

म्हटलं, राहू द्या चालू. मामांच्या वेळी कधी बंद होता?

तोडीपासून सुरू करते. आवाज लागलाय आज.

भैरवी शेवटी म्हणेन, मामा. बराबर शेवटी. श्रद्धांजली त्याच्यानंतर.

तोवर बसा.