पाचव्या डिस्कचं कुंकू

कोल्हारला आमच्या घराच्या पुढच्या खोलीत माझा कॉम्प्युटर आहे. लग्नांचं, जागरण-गोंधळाचं शूटिंग करायचं आणि इथे बसून ते जुळवायचं, हा माझा धंदा. लोकांची लग्नं पेनड्राइव्हवर देऊन टाकली की माझा संबंध संपतो. जपण्यासारखं माझं स्वतःचं एकच होतं, वडिलांचा अकरा मिनिटांचा व्हिडिओ.

नवा माइक तपासायला मी त्यांना ओट्यावर बसवलं होतं. "काहीतरी बोला" म्हटलं, तर कांद्यावर बोलत सुटले. साठवणीच्या चाळीत कांदा कसा भरावा, वारा कुठून खेळू द्यावा, सगळा कांदा एकाच चाळीत का भरू नये. शेवटी कॅमेऱ्याकडे बघून "बास कर आता, बॅटरी उतरंल" म्हणाले आणि उठले. पुढच्या पावसाळ्यात ते गेले. त्यानंतर आई महिन्या-दोन महिन्यांनी माझ्या खुर्चीमागे येऊन उभी राहायची. "लाव की जरा," म्हणायची. बॅटरीचं वाक्य आलं की हसायची आणि पदराने डोळे पुसत आत जायची.

गेल्या वर्षी जुनी हार्डडिस्क टिकटिक करायला लागली. पाच नव्या डिस्क आणल्या, सगळ्या एकसारख्या. एकीवर जुनीतलं सगळं उतरवून ती आईला दाखवून कपाटात ठेवली. जुनी चार दिवसांनी बंदच पडली. उरलेल्या चार नव्या डिस्क एका बॉक्समध्ये बसवून त्यांची मिळून एकच मोठी साठवण करायची होती. अशा जोडणीत एखादी डिस्क मेली तरी बाकीच्या तिघी तिच्यातलं सगळं परत उभं करतात. फक्त जोडताना चारही आधी कोऱ्या होतात. म्हणून तेवढ्यापुरते वडील कपाटात होते.

मध्येच खंडेनवमी आली. बायकोने कॅमेरे, स्टँड आणि त्या चार डिस्क पाटावर मांडून हळदकुंकू वाहिलं. दसऱ्याला सकाळी मी चारही उचलून बॉक्समध्ये बसवल्या. या डिस्कांवरचं सगळं पुसलं जाईल, पुढे जायचं का, असं मशीनने विचारलं. एका हातात चहाचा कप होता, दुसऱ्याने 'हो' दाबलं. पुसण्याआधी एकदा उघडून बघा, असं मी गिऱ्हाइकांना शंभरदा सांगतो. मी स्वतः बघितलं नाही.

दुपारी जोडणी पुरी झाली. वडिलांचा व्हिडिओ आत घ्यायला कपाटातली डिस्क काढली, तर तिच्यावर कुंकू. लावून बघितली. कोरी करकरीत.

मी तापट माणूस. बायकोवरच ओरडलो, "कपाट कुणी उघडलं?"

"अहो, मी चारच मांडल्या होत्या," ती बावरून म्हणाली.

तेवढ्यात आई आतून आली. "मी काढली हुती," खाली बघत म्हणाली. "समद्यांना कुंकू लागलं, ह्यांनाच न्हाई. खोलीत कुनी नव्हतं. पाटावर ठिवून कुंकू लावलं, नमस्कार केला, आन् परत कपाटात ठिवली. का रं, काय झालं?"

वडील गेल्यापासून आईने कुंकवाच्या करंड्याला हात लावला नव्हता. शेजारणी हळदीकुंकवाला आल्या की ती आपणहून मागच्या दारी जाऊन बसायची. पाच सारख्या डिस्कांतून घाईत तिने कोरी उचलून कपाटात ठेवली होती आणि वडील पाटावरच राहिले होते. माझा राग कुठल्या कुठे गेला.

"काही नाही," मी म्हणालो. "जुळलं सगळं."

संगमनेरच्या एका जाणकाराकडे बॉक्स घेऊन गेलो. त्यावर नव्याने लिहिलं गेलंय, आता काही निघणार नाही, असं त्याने सांगितलं. येताना गाडीवर मी रडलो. घरी कुणाला काही बोललो नाही.

त्यानंतर वर्षभर आईने "लाव की" म्हटलं नाही. सुटलो, असं वाटायचं आणि त्या वाटण्याचीच लाज वाटायची.

यंदाच्या खंडेनवमीला बायकोने पूजेचं ताट सरळ आईच्या हातात दिलं. वायरी काढून बॉक्स पाटावर ठेवला होता. आई तशीच उभी राहिली.

"लाव ना, आई," मी म्हणालो. "आत आहेत ते."

"न्हाईत," ती म्हणाली. "तवाच कळलं मला, तुझ्या तोंडावरनं. माझ्याच हातनं गेले ते. पन लावू दे."

ती पाटापाशी बसली. मी बॉक्सचं झाकण उघडून दिलं.

"ह्यातली कंची हुती?" तिने विचारलं.

मला माहीत नव्हतं. तसं सांगितलं, तेव्हा तिने चारही डिस्कांना कुंकू लावलं.