मामीचा शेवटचा दिवस आणि घुलावटीची परीक्षा

असल्या गोष्टी मी कधीच मानल्या नाहीत. धाराशिवला एका खाजगी लॅबमध्ये टेक्निशियन आहे. मशीन दाखवतं तेवढंच खरं, असा माझा स्वभाव. तरी हे लिहितेय... कारण घरात सगळ्यांशी बोलून झालं आणि कुणालाच काही सांगता आलं नाही.

माझे मामा परंड्याला असतात. शाळेत इतिहास शिकवायचे, आता रिटायर आहेत. सहा वर्षांपूर्वी सुमनमामी गेली. मामा तेव्हा पेपर तपासायला बाहेरगावी होते, मामीजवळ मी एकटीच होते. त्या दिवशी काय झालं हे मामांनी मला कधी विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही. नंतर मामीचं नावसुद्धा त्यांच्या तोंडून एकदाही आलं नाही. 'ती' म्हणायचे, नाहीतर गप्प.

गेल्या हिवाळ्यात त्यांचा फोन आला.

"शनिवारी ये. माझी परीक्षा हाय."

"या वयात कसली परीक्षा, मामा?"

"ये तर. तुझ्याबिगर व्हायची न्हाय."

शनिवारी मामा मला घेऊन गेले. किल्ल्यामागच्या गल्लीत दस्तगीर सरांचं घर. उर्दू शाळेतले निवृत्त शिक्षक, ऐंशीच्या पुढचे. माडीवर सतरंजी अंथरलेली, खिडकीतून बुरूज दिसत होता, दुपारची नमाज नुकतीच झाली होती. मामा पाच वर्षं दर शनिवारी त्यांच्याकडे शिकत होते आणि आम्हाला पत्ता नव्हता! विषयाला सर म्हणायचे 'घुलावट'. आठवण विरघळवून टाकायचं शास्त्र, आणि त्याच्या पुढं ती आठवण धरून बसलेली जाणीवसुद्धा. मामांच्या अकरा वह्या भरल्या होत्या. पहिल्या वर्षी फक्त काल खाल्लेल्या भाजीची चव घालवायची. मग वास. मग आवाज... खरं सांगते, मला हसू आलं.

"हसा, ताई," सर म्हणाले. "पर एक कायदा हाय. जे पुरं आठवत न्हाय, ते घुलत न्हाय. तुमचे मामा तिथं नव्हतेच. म्हणून सहा साल झाले, रोज एक नवा दिवस मनात बनवतात. आज खरा दिवस तुम्ही सांगायचा. पुरा."

माझं हसू जागीच थांबलं. मामांकडं पाहिलं.

"सांग, बाई," मामा म्हणाले. "काय बी लपवू नको."

मी सांगितलं. तासभर तरी बोलले असेन. मध्येच सर विचारायचे — दार कुणी उघडलं, पंखा चालू होता का — आणि वहीत लिहून घ्यायचे. मामा रडले, मीही रडले. शेवटी सर म्हणाले, "बास. झालं पुरं."

मग मामा नुसते बसले. डोळे उघडे. पाच मिनिटं, दहा मिनिटं... मी घाबरून त्यांचं मनगट धरलं. नाडी व्यवस्थित होती, पण मी हात धरलाय हे त्यांना कळलंच नाही. बेशुद्ध माणसं मी पाहिलीत, मेलेलीही पाहिलीत. हे त्यातलं काहीच नव्हतं. मामा तिथं होते आणि तिथं कुणीच नव्हतं. खिडकीतून एक पारवा आत आला, त्यांच्या मांडीवर बसून निवांत पिसं साफ करत राहिला. मला भीती वाटायला हवी होती. पण पाहते तर माझे हात जोडलेले... कधी जोडले, माहीत नाही.

पारवा उडाला तसे मामा बोलले.

"सुमन मिरच्या निवडताना लई शिंकायची. मग आपली आपणच हसायची."

सहा वर्षांनी ते नाव!

"आणि शेवटचा दिवस?" सरांनी विचारलं.

"ती गेली, एवढं ठावं हाय. दिवस... न्हाय."

"पास," सर म्हणाले आणि त्यांनी डोळे पुसले.

परतताना बार्शीला गाडी बदलली. स्टँडवरून नवऱ्याला फोन लावला, सगळं सांगावं म्हणून तोंड उघडलं आणि... काहीच नाही. मामी गेली तेव्हा मी जवळ होते हे माहीत आहे, पुस्तकात वाचलेलं माहीत असतं तसं. पण त्या दिवसातला एक शब्द, एक चित्र माझ्याकडं उरलं नव्हतं. आईला फोन केला. तिला तर मी सहा वर्षांपूर्वीच सगळं सांगितलं होतं.

"थांब, सांगते की," आई म्हणाली. दोनदा सुरुवात करून थांबली. "अगं... मला कसं काय आठवंना?"

मी दस्तगीर सरांना फोन करून विचारलं.

"सांगणाऱ्याचं बी घुलतं, असं आमचे उस्ताद म्हणायचे."

"पण माझी आई? ती खोलीत नव्हतीच, सर!"

सर त्यांच्या बोलीत म्हणाले, "ये अपनी किताब में नैं है, बेटी."

पुढच्या महिन्यात, सरांनी त्या दिवशी लिहून घेतलेली ती वही मी स्वतः पाहिली. अक्षर स्वच्छ आहे. एक ओळ वाचायची, दुसरीवर जायचं, तोवर पहिली मनातून गेलेली. तीनदा वाचलं, तिन्ही वेळा तेच. सरांनाही तसंच होत होतं. आमच्या लॅबमधले डॉक्टर म्हणतात, टेन्शन. माझ्यापुरतं मानलंही असतं... पण आईचं काय, सरांचं काय? माझ्याकडं याचा रिपोर्ट नाही.

या शास्त्राचा एक शेवटचा पेपर असतो. त्यात स्वतःलाच विरघळवायचं. सरांनी मामांना बसायला सांगितलंय हे कळलं. मामा असे आमच्या सगळ्यांच्या मनातून निघून गेले तर? तडक परंडा गाठलं. मामा ओट्यावर चहा करत होते.

"न्हाय बसणार म्हणून सांगितलं सरांना," माझ्याकडं न बघता ते म्हणाले. "मीच न्हाय राहिलो तर सुमनची आठवण कुणाकडं ठिवू?"