फळ्यावरचा एक मर्दगडी

करमाडच्या पुढे जालना रस्ता सोडून आत वळलं की तीन किलोमीटरवर माऊलीचं गाव लागतं. माऊलीचं वय छत्तीस, उंची पावणेसहा फूट, मिशा भरघोस. शेंद्र्याच्या एका कंपनीत तो फोर्कलिफ्ट चालवतो. दिवसभरात तिथे टनावारी माल उचलला जातो, पण तो यंत्र उचलतं. माऊलीला दोन दांडे मागेपुढे करावे लागतात. खरं उचलण्याचं काम शिफ्ट संपवून तो गावात उतरला की सुरू होतं, कारण गावात तो माऊली नसतो, मर्दगडी असतो.

मर्द हा शब्द फारसीतून आला, गडी इथलाच. कोशात पाहिलं तर शूर, धाडसी पुरुष असा अर्थ सापडतो. गावातला अर्थ मात्र वापरावरून काढावा लागतो. ‘मर्दगडी कुठंय?’ अशी विचारणा होते तेव्हा चाऱ्याची ट्रॉली उलटलेली असते, वरातीच्या डीजेचे खोके टेम्पोत चढवायचे असतात, नाहीतर कुणाच्या न्हाणीघरात साप निघालेला असतो. शब्द कानावर पडला की माऊली पायात चप्पल सरकवतो. चौदा वर्षांत या एका शब्दाने त्याच्याकडून जेवढं काम करून घेतलं तेवढं कंपनीनेही घेतलेलं नाही, आणि कंपनी पगार देते.

शब्द चिकटला तो एका विहिरीवर. गावच्या पाणीपुरवठ्याची पाणबुडी मोटार बिघडली होती आणि सहा जण दोर लावून ती वर ओढत होते. मोटार अर्ध्यावर आली, पाइप कठड्याला अडकला, दोराला झटका बसला. पाच जणांनी दोर सोडला. माऊलीने सोडला नाही. पाय कठड्याला रोवून तो एकटा लोंबत्या मोटारीला धरून राहिला, तोपर्यंत बाकीचे भानावर आले. त्याच्या उजव्या मनगटावर दोराचा वळ कायमचा उमटला. तो आजही लग्नकार्यात पाहुण्यांना दाखवला जातो.

दोर न सोडण्याचं कारण असं की तो सोडता येत नव्हता. दोराचा वेढा मनगटाला बसला होता. पायांचा जोर सोडला असता तर मोटारीबरोबर माऊलीही खाली गेला असता. हे त्याने फक्त बायकोला सांगितलं आहे, तेही लग्नानंतर दोन वर्षांनी.

दर वाढदिवसाला त्याचा मित्र सोमनाथ चौकात फ्लेक्स लावतो. ‘मर्दगडी माऊलीभाऊ’ अशी दोन फुटी अक्षरं आणि खाली काळ्या चष्म्यातला माऊली. माऊलीकडे काळा चष्मा नाही. फ्लेक्स करणाऱ्याने तो संगणकात आपल्याकडचा घातला होता, तेव्हापासून तोच चालू आहे.

माऊलीची बायको रूपाली देवगाव रंगारीची. दोघांना दोन मुली, सोनिया आणि तनुजा. तनुजाच्या वेळी बाळंतपणात रूपालीला धाप लागली ती थांबेना. शहरात नेल्यावर तिच्या हृदयाची एक झडप अधू असल्याचं कळलं. डॉक्टरांनी माऊलीला समोर बसवून सांगितलं, की तिसरं बाळंतपण तिच्या जिवावर बेतू शकतं. मूल बंद होण्याचं तिचं ऑपरेशन करायचं तर भुलीचाही धोका. ‘त्यापेक्षा तुमचं करून घ्या. सोपं आहे.’

माऊलीने मान हलवली, औषधाची चिठ्ठी खिशात घातली आणि हा विषय वर्षभर काढला नाही. त्याची आई साळूबाई दर शनिवारी मारुतीला तेल घालून नातू मागत होती, तिलाही त्याने काही सांगितलं नाही.

विषय काढला तो निशाने. निशा गावची आशा ताई. घरोघरी फिरून गोळ्या, लसी, बाळंतपणं यांची नोंद तिच्याकडे असते आणि रूपालीची तब्येतही तिला ठाऊक होती. नोव्हेंबरात ती एक घडीपत्रिका घेऊन आली. पुरुषांच्या नसबंदीची माहिती होती आणि वर ठळक ओळ होती. निशाने ती वाचून दाखवली. ‘कुटुंबाची जबाबदारी घेतो तोच खरा मर्द.’

माऊलीने हात जोडले. ‘ताई, मला मर्द म्हणलं की कायतरी उचलायला लावत्यात. आज तुमी काय उचलायला आल्या?’

‘उचलायचं काय नाय भाऊ. उलट आठ दिवस काय उचलायचं नाय.’

‘मंग तर नायच जमणार. गावाला काय सांगू?’

चौदा वर्षं ज्या शब्दाने त्याला हलवलं, तो या कामाला लागू पडला नाही. निशा पत्रिका ठेवून उठली, तेवढ्यात रूपाली चुलीपासून म्हणाली, ‘निशाताई, बायांचा फारम हाय का? माझं नाव घाला.’

‘अगं, तुला डॉक्टरांनी...’

‘म्हाईत हाय. भूल दिली तर धोका, तिसरं राहिलं तरी धोका. मंग एकदाच काय ते होऊन जाऊ द्या. रोज रोज कोण भिणार?’ आणि तिने भाकरी उलटली.

माऊलीने मिशीवरून हात फिरवला. मग त्याने निशाला एकच प्रश्न विचारला. ‘नाव कुठं छापून येतं का?’

‘नाव कुठंच येत नाय,’ निशा म्हणाली. ते खरं होतं.

मंगळवार ठरला. माऊलीने कंपनीत सुटी टाकली, मित्रांना सासुरवाडीला कार्यक्रम असल्याचं सांगितलं आणि जवळचं आरोग्य केंद्र सोडून थेट शहरातला सरकारी दवाखाना गाठला. तिथल्या मावशांच्या रांगेत तो एकटा पुरुष होता. वॉर्डबॉयने त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. ‘क्या मूछां हैं भाई! ऐसे मूछांवाले इधर आतेच नै.’ वीस मिनिटांत काम झालं. टाका नाही, भूल जागच्या जागी. बाहेर रूपाली बाकावर बसली होती. तिने विचारलं, ‘दुखलं?’ तो म्हणाला, ‘मुंगी चावल्यावानी.’ एवढ्यासाठी त्याने वर्ष घालवलं होतं. आठ दिवस त्याने गावात पाठ धरल्याचं सांगितलं. तीन महिन्यांनी तपासणीला या, तोवर दुसरी काळजी घ्या, असं दवाखान्याने बजावलं होतं. तेही त्याने ऐकलं.

एक गोष्ट मात्र त्याला ठाऊक नव्हती. ऑपरेशन कुठेही होवो, आकडा माणसाच्या गावच्या खात्यावर येतो.

गावच्या आरोग्य उपकेंद्राच्या भिंतीवर फळा आहे. बालकांचं लसीकरण, गरोदर माता, स्त्री शस्त्रक्रिया, सगळे आकडे खडूने लिहिलेले, कारण ते बदलतात. ‘पुरुष शस्त्रक्रिया’पुढचा शून्य मात्र पेंटरने ऑइलपेंटने रंगवून टाकला होता. तो बदलेल असं कुणाला वाटलं नव्हतं. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात नर्सबाईंनी तो पुसायचा प्रयत्न केला, पुसला गेला नाही, तेव्हा त्यांनी शेजारी खडूने एक काढला. फळ्यावर ०१ झालं.

फळा बसथांब्यासमोर आणि थांब्याला लागून चहाची टपरी. कंपनीच्या बसची वाट पाहणारे पंचवीस पुरुष रोज सकाळी त्याच्याकडे तोंड करून उभे असतात.

‘ह्यो एक कोण?’ सोमनाथने पहिल्याच दिवशी विचारलं.

‘मास्तर असंल.’

‘मास्तरला परवा पोरगं झालं. पेढा खाल्ला की तू.’

‘सखाराम!’ कुणीतरी म्हणालं. ‘मागल्या महिन्यात एक दिवस गिरणी बंद व्हती.’

सखाराम पिठाची गिरणी चालवतो. अंगाने किरकोळ, आवाज मऊ, दिवसभर बायकांच्या डब्यांत. पुरावा म्हणून एवढं पुरेसं होतं. सखाराम म्हणाला, की मी गिरणीचा पट्टा आणायला सिल्लोडला गेलो होतो.

‘पट्टा संभाजीनगरात मिळत नाय व्हय?’ सोमनाथ म्हणाला.

‘त्या मापाचा नव्हता ओ.’

‘मंग कुठं बांधला ते तरी दाखव!’

टपरी हसली. माऊलीही हसला. जरा मोठ्यानेच. हा हशा त्याला पुढे महिनाभर पुरला.

सखारामला बायका काही म्हणत नव्हत्या, पण पुरुष दळण टाकायला आले की ‘जपून उचल’ म्हणायचे. एका सकाळी गिरणीच्या दारावर खडूने ०१ लिहिलेलं निघालं. सखारामने ते पुसलं, दुसऱ्या दिवशी पुन्हा निघालं. त्याची बायको कडूबाई रूपालीकडे येऊन रडली. तिने दुसरीकडे न जाता रूपालीकडेच यावं याला काही कारण नव्हतं. घर शेजारी होतं एवढंच.

संध्याकाळी रूपालीने माऊलीला सांगितलं, ‘कडूबाई रडत व्हती. मी चहा दिला. आता अजून काय देऊ?’

माऊली म्हणाला, ‘मी बोललो तर चौदा वर्षांचं नाव जाईल.’

‘कोणतं नाव? मनगट अडकलं व्हतं ते?’

ती एवढंच बोलून मुलींना जेवायला वाढायला उठली.

जानेवारीत सोमनाथच्या विहिरीतली मोटार जळाली. रविवारी सकाळी आठ जण जमले. सखारामचं शेत बांधाला लागून, तोही आला. माऊली अर्थातच पुढे होता. सखारामने दोराला हात घातला तसा सोमनाथ म्हणाला, ‘तू नको सखा. टाका तुटंल.’

सगळे हसले. माऊली म्हणाला, ‘टाका नसतो त्याला.’

‘काय?’

‘टाका नसतो. बारीक भोक पाडत्यात. वीस मिनिटं लागत्यात.’

सोमनाथने विचारलं, ‘तुला रं काय म्हाईत?’

‘माझंच झालंय. फळ्यावरचा एक मी हाय.’

आपलं नाव आता जाणार, या तयारीने माऊली उभा होता. सोमनाथने त्याच्याकडे पाहिलं, सखारामकडे पाहिलं, पुन्हा माऊलीकडे पाहिलं. मग त्याचा चेहरा उजळला.

‘बघा रे, बघा! ह्याला म्हणत्यात मर्दगडी! दुसऱ्याची अब्रू झाकायला सोताच्या अंगावर घेतलं!’

‘आरं खरंच हाय. घरी कागद हाय, दाखवतो.’

‘कागद कशाला? तू म्हणतो त्येच खरं. व्हय बाबा, तूच.’

माऊलीला काय वाटलं कोण जाणे, त्याने त्याच दमात जुनं प्रकरणही काढलं. मनगट पुढे केलं. ‘आन ह्ये पण ऐका. त्या दिवशी मी दोर धरला नव्हता. दोरानं मला धरलं व्हतं. वेढा बसला व्हता.’

आता तर सगळेच खूश झाले. इतका पराक्रम करून माणूस त्याचं श्रेयही घेत नाही, हे त्यांनी एकमेकांना बोलून दाखवलं. एकाने माऊलीच्या पाठीवर थाप मारली. सोमनाथ म्हणाला, ‘आजपासून सखाला कुणी काय म्हणायचं नाय. मर्दगड्याचा शब्द हाय. चल, दोर धर आता.’

माऊलीने दोर धरला. मोटार वर आली.

त्यानंतर सखारामची चेष्टा थांबली. फळ्यावरचा एक तोच, याबद्दल गावाला आता शंकाच उरली नव्हती. फक्त ते बोलायचं नाही असं ठरलं होतं. दारावरचा खडूही बंद झाला.

आठ दिवसांनी माऊली दळण न्यायला गेला तेव्हा गिरणीत दुसरं कुणी नव्हतं. सखारामने मोटार बंद केली आणि भुवयांवरचं पीठ पुसत विचारलं, ‘भाऊ, तुमी बोलले ते खरं हाय ना?’

आठ जणांत एकट्याने विश्वास ठेवला होता. ‘तुला कशावरून वाटलं?’ माऊली म्हणाला.

‘वीस मिनिटं म्हणाले ना तुमी. खोटं बोलणारा अर्धा तास म्हणतो.’ मग त्याने आवाज आणखी खाली आणला. ‘दुखतं का?’

‘मुंगी चावल्यावानी.’

‘नंतर पोती उचलता येत्यात?’

‘आठ दिवसांनी मोटार उचल.’

‘आमच्या हिचं कवापासून चाललंय, की चौथं नको. आन नाव तर माझं झालंच हाय.’ सखाराम हिशेब मांडल्यासारखा म्हणाला. ‘नुसतंच कशाला घ्यायचं?’

मार्चअखेरीस फळ्यावर ०२ झालं. टपरीवर पुन्हा चर्चा सुरू आहे. पहिला सखाराम, हे पक्कं असल्यामुळे त्याचं नाव यादीतून आधीच वगळलं गेलं. तो रोज चहा पीत उभा राहतो आणि इतरांच्या बरोबरीने अंदाज बांधतो. दुसरा म्हणून सध्या तलाठ्याच्या मदतनिसाचं नाव पुढे आहे.

माऊलीची तपासणी फेब्रुवारीत झाली, अहवाल चांगला आला. रूपाली झडपेची गोळी वेळेवर घेते. साळूबाईचं तेल चालू आहे. मेमध्ये माऊलीचा वाढदिवस येतो. यंदाच्या फ्लेक्सवर सोमनाथने चष्मा तोच ठेवून खाली एक ओळ वाढवली आहे: ‘दुसऱ्याची अब्रू झाकणारा’. फ्लेक्स उपकेंद्राच्या भिंतीला बांधलाय, फळ्याच्या अगदी वर. तो बांधायला वर चढणारं कुणी मिळेना, म्हणून शेवटी मर्दगड्यालाच बोलावलं.